कोर्टाला दिलेला शब्द आणि अडवलेली वाट

श्रोतेहो, नमस्कार.

काटोल-नरखेडकडे संत्र्याचा आंबिया बहार तोडणीला आला की आम्हा वकिलांकडे एक तक्रार हमखास येते. बगिचा मागे, वाट पुढच्या शेतातून, आणि पुढच्यानं धुऱ्यालगत, म्हणजे बांधालगत, जेसीबी लावून नाली खोदलेली. मेटाडोर आत जात नाही, संत्रा झाडाखाली गळत राहतो. दावा दाखल होतो, न्यायाधीश दोघांना समजावतात, आणि पुढचा म्हणतो, "साहेब, बारा फूट वाट मोकळी ठेवतो जी." तडजोडीची पुरसिस, म्हणजे कोर्टाला दिलेलं लेखी निवेदन, दाखल होते, दोघं बाहेर येऊन चहासुद्धा पितात. पुढच्या बहाराला नाली पुन्हा तिथंच!

आता मागचा शेतकरी चिडून विचारतो, "कोर्टात बोलून फिरला, हा अवमान नाही तर काय?"

ते पुरसिसमध्ये काय लिहिलंय यावर आहे. न्यायालय अवमान कायदा 1971 सालचा. त्याच्या कलम 2 मध्ये दिवाणी अवमानाचे दोन प्रकार येतात: न्यायालयाचा हुकूम जाणूनबुजून मोडणं, आणि न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं. न्यायालयाला, बरं का. शेजाऱ्याला नव्हे. 1979 साली बाबूराम गुप्ता प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं, की नुसत्या संमतीवरून हुकूम झाला आणि तो पाळला नाही, एवढ्यानं हमीभंग होत नाही. हुकुमाची अंमलबजावणी करून घ्या. 2006 मध्ये रामा नारंग प्रकरणात त्याच न्यायालयानं, अंमलबजावणीचा मार्ग मोकळा आहे म्हणून अवमानाची कारवाई अडत नाही, असंही सांगितलं. पण हा वाद तुमच्या बगिच्यासाठी कशाला ओढवून घ्यायचा? पुरसिसमध्ये "मी न्यायालयास हमी देतो" असं सरळ लिहून घ्या, आणि न्यायाधीशांनी ती हमी स्वीकारल्याची नोंद हुकुमात येऊ द्या. वाट किती रुंद, कुठून कुठपर्यंत, हेही लिहा. नुसतं "सहकार्य करीन" लिहिलेली कितीतरी हमीपत्रं मी वाचली आहेत. त्यातून काहीच निघत नाही.

काटोलचं दिवाणी न्यायालय अवमान कायद्याखाली शिक्षा देऊ शकत नाही. त्यासाठी सिव्हिल लाइन्समध्ये, उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात यावं लागतं. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने कैद, दंड दोन हजार रुपये. हो, दोनच हजार. 2022 मध्ये विजय मल्ल्यांना अवमानाबद्दल चार महिन्यांची कैद झाली, तेव्हाही दंड दोन हजारच होता.

पण कैदेनं नाली बुजत नाही. म्हणून माझा सल्ला, आधी त्याच दिवाणी न्यायालयात दरखास्त, म्हणजे हुकुमाच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावा. मनाई हुकूम किंवा वाट मोकळी करण्याचा हुकूम असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21 नियम 32 खाली न्यायालय मालमत्ता जप्त करू शकतं, दिवाणी कैदेत टाकू शकतं, आणि अडथळा दुसऱ्याकडून काढून घेऊन खर्च अडवणाऱ्याकडून वसूलही करू शकतं. दावा अजून चालू असताना तात्पुरता मनाई हुकूम मोडला असेल, तर आदेश 39 नियम 2-अ आहे. पुराव्यासाठी कोर्ट कमिशनर, म्हणजे जागा पाहून अहवाल देणारा कोर्टानं नेमलेला माणूस, मागा. मोबाइलवरचे फोटो चालतात, पण कमिशनरचा अहवाल फार वजनदार ठरतो.

पावसानं नाल्यावरचा रपटा वाहून गेला आणि वाट बंद पडली, तर तो अवमान नव्हे. मुद्दाम केलंय, हे दाखवायची जबाबदारी आपली.

आणखी एक गोष्ट दरवेळी घडते. अवमान याचिकेची नोटीस मिळाली की तारखेच्या आदल्या संध्याकाळी नाली बुजलेली असते, आणि सकाळी माफीचं शपथपत्र हजर! माफी मनापासून वाटली तर न्यायालय शिक्षा माफ करू शकतं, आणि ते बरंच आहे. शेजार काही बदलता येत नाही. फक्त याचिका निकाली निघण्याआधी वाट चालू असल्याची नवी हमी त्याच शपथपत्रात लिहून घ्या.

मुदतीचंही सांगतो. अवमान घडल्यापासून एक वर्षात याचिका दाखल करावी लागते. "नाली रोजच आहे, म्हणजे रोज नवा अवमान," असा युक्तिवाद होतो खरा, पण त्याच्या भरवशावर दुसरा बहार येईपर्यंत थांबू नका.