आसरा, मुंजोबा, यक्ष : 'डेमीगॉड'ला मराठीत काय म्हणायचं?

(स्क्रीनवर: जुन्या विहिरीचा काठ. शेंदूर लावलेले सात दगड, एका ओळीत. पुढ्यात हिरव्या बांगड्या आणि हळदकुंकू.)

राम राम मंडळी. हे सात दगड नीट बघून घ्या, आज सारखे त्यांच्याकडे परत यायचंय. तापीकाठ असो, गिरणाकाठ असो, जुन्या गावात विहिरीवर नाहीतर डोहाच्या कडेला असे दगड दिसतात. "हाई काय शे?" म्हणून विचारलंत की उत्तर मिळतं, "साती आसरा."

मग पुढचा प्रश्न विचारा. आसरा म्हणजे देव का? इथे सांगणारा अडखळतो. देवी म्हणावं तर कानबाईच्या, सप्तशृंगीच्या पंगतीला त्यांना कुणी बसवत नाही. भूत म्हणावं तर भुताची खणानारळानं ओटी कोण भरतं? म्हणजे मधलं काहीतरी. ह्या मधल्या मंडळींना मराठीत नाव काय, आणि ते कुठे कसं वापरायचं, एवढाच आजचा विषय. सबटायटल लिहिणारे, भाषांतर करणारे आणि मुलांना गोष्टी सांगणारे, तिघांच्या कामाचा.

गोंधळ सुरू होतो 'डेमीगॉड' ह्या शब्दापासून. तो एक शब्द तीन वेगळी कामं करतो. पहिलं काम: आईबापांपैकी एक देव आणि एक माणूस. ग्रीकांचा हेराक्लीस, बाप झ्यूस आणि आई अल्कमीनी ही मानवी स्त्री. ग्रीक शब्द 'हेमिथेओस', त्याचा अर्थच अर्धा देव. दुसरं काम: धाकटा देव, मोठ्याच्या हाताखालचा. काही वैष्णव ग्रंथांच्या इंग्रजी भाषांतरांत इंद्र, वरुण, अग्नी ह्या सगळ्यांना सरसकट 'डेमीगॉड' केलंय, ते ह्या अर्थानं. आणि तिसरं काम: लोकांनी डोक्यावर घेतलेला नट किंवा क्रिकेटपटू.

मराठीत ह्या तिन्हींना एकच शब्द चिकटवला की वाक्य फसतं. 

पहिल्या अर्थाला 'अर्धदेव' चालतो, पण फक्त परक्या कथांसाठी. हेराक्लीस अर्धदेव, ठीक. मेसोपोटेमियाच्या जुन्या कथेतला गिल्गमेश तर दोन तृतीयांश देव होता म्हणतात, तिथे 'अर्ध'सुद्धा हिशेबात बसत नाही. पण कर्णाला कुणी 'अर्धदेव' म्हटलेलं ऐकलंय? आपण 'सूर्यपुत्र' म्हणतो. भीष्म 'गंगापुत्र', भीम 'वायुपुत्र'. आपल्याकडे नातं सांगतात, टक्केवारी नाही. आणि जन्माचं नातं नसेल, देवाचा काही भाग माणसात उतरला असेल, तर शब्द 'अंश' किंवा 'अंशावतार'. 

इथे आपल्या भागातलं उदाहरण घ्या. नंदुरबार जिल्ह्यात, सातपुड्यात, अस्तंबा. भूगोलाच्या पुस्तकात हे शिखर 'अस्तंभा' म्हणून असतं, उंची 1325 मीटर. नाव अश्वत्थाम्यावरून आलं असं मानतात. दिवाळीच्या दिवसांत लोक रात्रीचे डोंगर चढतात. अश्वत्थामा रुद्राचा अंश आणि सात चिरंजीवांपैकी एक. आता गंमत बघा, यात्रेला जाणारा माणूस त्याला काय म्हणतो? 'अस्तंबा ऋषी'. देव नाही, अर्धदेव नाही. कपाळावरच्या जखमेसाठी तेल मागत फिरणारा, मरण न येणारा ऋषी. त्या यात्रेच्या व्हिडिओला 'डेमीगॉडचा डोंगर' असं शीर्षक देणाऱ्यानं यात्रेकरूंना एकदा विचारायला हवं होतं.

जाता जाता: लग्नपत्रिकेत नवऱ्या मुलाच्या नावाआधी जे 'चि.' छापतात, ते ह्याच 'चिरंजीव'चं. अश्वत्थाम्याला तो शाप होता. पत्रिकेत आशीर्वाद आहे.

तिसरा अर्थ झटकन संपवू. चाहत्यांनी देव केलेला नट म्हणजे 'देवमाणूस' नव्हे. 'देवमाणूस' आपण कुणाला म्हणतो? रात्री दोनला दार उघडून पोराला तपासणाऱ्या, पैसे न घेणाऱ्या डॉक्टरला. शब्दात चांगुलपणा आहे, प्रसिद्धी नाही. नटासाठी सरळ वाक्य करा: 'लोकांनी त्याला देव्हाऱ्यात बसवलाय.' 

आता दुसरा अर्थ, आणि खरा माल इथे आहे.

(स्क्रीनवर मोठ्या अक्षरांत: विद्याधर, अप्सरा, यक्ष, राक्षस, गंधर्व, किन्नर, पिशाच, गुह्यक, सिद्ध, भूत)

अमरकोश म्हणजे जुना संस्कृत शब्दकोश, त्यात पहिल्या कांडात, स्वर्गवर्गात एक श्लोक आहे: 'विद्याधराप्सरोयक्षरक्षोगन्धर्वकिन्नराः । पिशाचो गुह्यकः सिद्धो भूतोऽमी देवयोनयः ॥' मोजा, दहा होतात. ह्या दहांना मिळून शब्द 'देवयोनी'. ज्याला आपण इतका वेळ शोधतोय तो हाच. पूर्ण देव नाहीत, पण जातकुळी देवांची. 

वापरताना तीन गोष्टी सांभाळा. एक, मराठीत हा शब्द स्त्रीलिंगी: 'यक्ष ही एक देवयोनी'. 'यक्ष हा देवयोनी आहे' असं लिहिलं की कानाला खडा लागतो. एकट्या यक्षाबद्दल बोलायचं तर 'देवयोनीतला'. दोन, ह्या यादीत राक्षस आणि पिशाच आहेत, म्हणून 'देवयोनी' म्हणजे चांगलेच, असं समजू नका. तीन, असुर ह्या यादीत नाहीत. दैत्य, दानव, असुर ह्यांचा श्लोक तिथे वेगळा आहे. रोजच्या बोलण्यात आपण असुर आणि राक्षस एकाच पोत्यात भरतो. गप्पांत चालतं, भाषांतरात नाही.

'उपदेव' आणि 'उपदेवता' हेही शब्द आहेत, चूक नाहीत, पण ते हुद्दा सांगतात, जात नाही. देवळात मुख्य मूर्तीच्या भोवती जे छोटे देव असतात त्यांना 'उपदेवता' शोभतं. लिंग मात्र बघा: देवता ती, दैवत ते. 'ती ग्रामदेवता', 'ते ग्रामदैवत'. 'तो ग्रामदैवत' हे दोन्हीकडून चुकलेलं.

आता दहांपैकी ज्यांचा मराठीत संसार झाला ते बघू. सिद्ध आणि गुह्यक सोडून देतो. गुह्यक कुबेराचा खजिना राखतात, त्यापलीकडे मराठी बोलण्यात त्यांना काम उरलेलं नाही. 

गंधर्व. इथे एक काना पुष्कळांना पाडतो. 'गंधर्व' हे नाम, 'गांधर्व' हे त्याचं विशेषण, गंधर्वाचं किंवा गंधर्वांसारखं. म्हणून 'गांधर्व विवाह'. विष्णु दिगंबर पलुसकरांनी 1901 साली लाहोरला काढलेलं तेही 'गांधर्व महाविद्यालय'. पण माणसाला पदवी द्यायची तर नाम लागतं: बालगंधर्व, सवाई गंधर्व, कुमार गंधर्व. जळगावात खुलं नाट्यगृह आहे ते बालगंधर्वांच्या नावाचं. 'बालगांधर्व' लिहिलेला फलक दिसला तर समजा, रंगवणाऱ्यानं काना फुकट दिलाय.

किन्नर. मूळ फोड 'किम् नर', हा कसला माणूस? अमरकोश त्याला 'तुरंगवदन' म्हणतो, घोड्याच्या तोंडाचा. हिंदीतून हा शब्द तृतीयपंथी व्यक्तींसाठी आला आणि मराठी बातम्यांतही रुळला. मराठी सरकारी लिखाणात 'तृतीयपंथी' आहे. पुराणकथेचं भाषांतर करताना 'किन्नर' शब्द आला तर एका वाक्यात अर्थ सांगून टाका, नाहीतर आजचा वाचक भलतंच चित्र डोळ्यापुढे आणतो.

यक्ष. पेपरात हा फक्त 'यक्षप्रश्न' म्हणून जगतो: 'पाणी आणायचं कुठून हा यक्षप्रश्न'. महाभारतातल्या वनपर्वात तळ्यावरचा यक्ष युधिष्ठिराला प्रश्न विचारतो, तिथून हे आलं. पण तिथे उत्तरं मिळतात, हे विसरू नका. युधिष्ठिर सगळी बरोबर देतो आणि मेलेले भाऊ उठतात. म्हणजे यक्षप्रश्न अवघड, पण सुटणारा. न सुटणाऱ्या कटकटीला तो शब्द लावणं जरा ढिलंच. 

बोलीत मात्र यक्ष वेगळ्या वेषात आहे. यक्ष, प्राकृतात जक्ख, मराठीत जाख. स्त्रीरूप यक्षिणी, तिची झाली 'जखीण'. तीच जखीण जिला पोरं घाबरतात. आणि तीच दुसरीकडे 'जाखाई' होऊन पूजा घेते. 

यक्ष दिसतो कसा, हे बघायला आपल्याला लांब जायला नको. चाळीसगावहून पाटणादेवीच्या मागचा डोंगर चढला की पलीकडच्या अंगाला, कन्नड तालुक्यात, पितळखोऱ्याची जुनी लेणी. इथे उत्खननात एक यक्ष मिळाला. बुटका, पोट सुटलेलं, तोंडभर हसणारा, डोक्यावर दोन्ही हातांनी भांडं धरलेला. दोन हजार वर्षांहून जुना. आणि त्याच्या हातावर कोरलंय की हा कान्हदास नावाच्या सोनारानं केला. दगडाचं काम आणि करणारा सोनार! गळ्यातले दागिने बघितले की हात कुणाचा ते कळतं. 

(स्क्रीनवर: अजिंठा, लेणं क्रमांक 19 चा दर्शनी भाग)

हे अजिंठ्याचं 19 नंबरचं लेणं. वरच्या कमानीच्या खिडकीला दोन्हीकडे उभे आहेत ते यक्ष. ओळखायची खूण: भरलेलं अंग, भरपूर दागिने, आणि उभं राहण्यात दारवानाचा रुबाब. 2 नंबरच्या लेण्यात हारीती आणि तिचा नवरा पांचिक आहेत. हारीती ही यक्षिणी, गोष्टीत ती दुसऱ्यांची लेकरं खायची. बुद्धानं तिचंच एक पोर लपवलं, तेव्हा ती वळली आणि लेकरांची राखणदार झाली. 

ही बढती ध्यानात ठेवा, कारण मराठीनं ह्या बढतीसाठी चक्क व्याकरण केलंय.

मुंजा बघा. मुंज झालेला, लग्नाआधी गेलेला मुलगा, पिंपळावर राहतो म्हणतात. हा 'मुंजा' धरतो, झपाटतो. पण त्याच शब्दाला 'बा' लागला की 'मुंजोबा', आणि मुंजोबा नवसाला पावतो. यावल तालुक्यात अट्रावलला मुंजोबाची यात्रा भरते, माघात. तिथे जाणारा माणूस मुंज्याला भिऊन जात नाही, मुंजोबाला नवस फेडायला जातो. नाग आणि नागोबा, तीच गोष्ट. बायकांच्या बाजूला 'बा'च्या जागी 'आई': जाख आणि जाखाई. तुकारामांनी 'नव्हे जाखाई जोखाई' म्हणून विठ्ठलाला ह्या मंडळींपासून वेगळं काढलं, म्हणजे त्या काळीही हा दर्जाचा प्रश्न होताच. 

म्हणून कुणी विचारलं की अमका देव की भूत, तर क्रियापद ऐका. देव पावतो, कौल देतो, कोपतो. भूत लागतं, धरतं, झपाटतं. आणि आसरा? आसरा लागतातही आणि पावतातही. पोहायला गेलेला बुडाला की "आसरांनी ओढलं", आणि विहिरीला पाणी लागलं की त्यांची ओटी. दोन्हीकडची क्रियापदं जिला लागतात ती देवयोनी. अमरकोशापेक्षा ही परीक्षा सोपी आहे. (पोराला ताप आला आणि कुणी "आसरा लागल्या" म्हणालं तर ओटी सवडीनं भरा, दवाखाना आधी.)

(स्क्रीनवर: पुन्हा ते सात दगड)

आता शेवटी 'आसरा' शब्दच हातात घेऊ. मराठीत दोन 'आसरा' आहेत आणि त्यांचा एकमेकांशी काही संबंध नाही. एक 'आश्रय' पासून: तो आसरा, झाडाचा आसरा, आसऱ्याला थांबलो. पुल्लिंगी, आणि प्रत्यय लागताना 'आसऱ्या-' होतो. दुसरा 'अप्सरा' पासून, मधल्या प्राकृतात 'अच्छरा'. ती आसरा, त्या आसरा, आसरांची ओटी. स्त्रीलिंगी, आणि 'ऱ्या' होत नाही. 'साती आसऱ्यांची पूजा' असं छापलेलं दिसतं, तिथे लिहिणाऱ्यानं दोन शब्दांची गाठ मारलीय.

आणि 'अप्सरा' म्हणजे तरी काय? अप् म्हणजे पाणी, आणि पुढे सृ, सरकणं. पाण्यात सरकणारी. सिनेमावाल्यांसाठी अप्सरा म्हणजे इंद्राच्या दरबारात नाचणारी सुंदर बाई. अजिंठ्याच्या 17 नंबरच्या लेण्यात आहे ती ढगांतून तरंगणारी, गळ्यातली माळ एका बाजूला झुकलेली. दोघींच्या अंगावर पाण्याचा थेंब नाही. शब्दातलं पाणी शाबूत राहिलं ते इथे, विहिरीच्या काठावर, मुठीएवढ्या सात दगडांत.