भाटकाराची लेक खाजनात

गोव्यात आयुष्याचा अर्थ शोधायला येणाऱ्यांना तोटा नाही. हरमल-मांद्रेच्या किनाऱ्यावर तो आठवड्याच्या बोलीवर विकतही मिळतो. ही मुलगी मात्र इथलीच, भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या घरची. परदेशात शिकली, पणजीत ऑफिस थाटून झालं, योगाची शिबिरंही झाली. मन कशातच रमेना. शेवटी फेरीबोटीने मांडवी ओलांडून ती पणजोबांच्या खाजनात, नदीकाठच्या शेतात, येऊन थडकली.

पणजोबांचं म्हणायचं ते तेव्हाचं. कूळ कायदा १९६४चा. शशिकला काकोडकर मुख्यमंत्री असताना, १९७६ साली, त्याला पाचवी दुरुस्ती झाली आणि कसणारी कुळं मालक ठरली. आज इथल्या मेरेवर, शेताच्या कडेवरही, तिचा हक्क नाही. "आलीच आहेस तर कामाला लाग," इथे कसणाऱ्या मावशींनी पहिल्याच दिवशी सुनावलं.

खाजन म्हणजे भरतीच्या पाण्याला बांध घालून राखलेली जमीन. बांध आतून चिखलाचा, नदीच्या अंगाला चिऱ्यांचा. हे पाहा, कुर्लीने, म्हणजे खेकड्याने, पाडलेलं भोक. दोन बोटं जेमतेम जातील. पण उधाणाचं पाणी यातून घुसू लागलं की भगदाड पडायला वेळ लागत नाही, आणि शेत खारं झालं की भात विसरायचं. म्हणून भोक दिसलं की पेंढा कोंबायचा, वर चिखलाचा गोळा, आणि टाचेने दाबायचं. हिचा पाय अजून चवड्यावरच पडतो. मावशी ओरडतात, "बाय, नाचतेस काय? टाच मार!"

अर्थबिर्थ सापडला का, आम्ही विचारलं. म्हणाली, "सध्या भोकं सापडतायत."

बांधात पाण्याच्या ये-जा करण्यासाठी मानस असते; तिची लाकडी दारं भरतीच्या दाबाने आपसूक मिटतात, ओहोटीला उघडतात. पण मानशीत मासळीही मिळते, तिची पावणी, म्हणजे लिलाव होतो. पावणीत भातापेक्षा जास्त पैसा दिसला की दारं भरतीलाही उघडी ठेवायचा मोह होतो. कोरगूट हे खाऱ्या मातीत तगणारं भात खरं, पण आत शिरणारं खारं पाणी तेही किती सोसणार?

कुळांच्या बैठकीत हाच वाद पेटलाय. तिथे हिला मत नाही, कारण ती कूळ नाही. हिशेबाची वही मात्र तिच्या हाती आली. पावणीचे किती आले, बांधावर किती खर्चले, हे तिने मोठ्याने वाचलं तेव्हा दोघेतिघे चिडून उठून गेले. उरलेल्यांनी पुनवेच्या भरतीआधी बांधावर यायचं ठरवलं. घरून फोन आला, तर तिने वडिलांनाही बोलावून टाकलं. येताना जुने कपडे आणा म्हणाली.