बाबा गेल्यानंतरचे सोळा दिवस

नमस्कार मंडळी. मागच्या नोव्हेंबरात बाबा गेले तेव्हा तुमच्यातले कितीतरी जण घरी येऊन गेलात, डबे आणलेत, ते मी विसरलेलो नाही.

आई पुण्यात गेली तेव्हा सकाळी गेली आणि दुपारी आम्ही वैकुंठ स्मशानभूमीतून घरी परत, रडायलाही उसंत नव्हती. इथे लंडनमध्ये आधी डॉक्टरांचं सर्टिफिकेट, ते मेडिकल एक्झामिनर म्हणजे दुसरे डॉक्टर तपासणार (२०२४ च्या सप्टेंबरपासून सगळ्यांनाच लागू झालंय), मग रजिस्ट्रारकडे नोंद, मग तिथून मिळालेला अंत्यविधीच्या परवानगीचा हिरवा फॉर्म फ्युनरल डायरेक्टरला द्यायचा, आणि क्रिमेटोरियमचा स्लॉट मिळाला तो थेट सोळाव्या दिवशी. तेरावा उलटून गेला तरी बाबांना अग्नी दिलेला नव्हता.

आणि घर तर चालूच होतं. रात्री कचऱ्याचा बिन बाहेर ठेवायचा, सकाळी मुलीला शाळेत सोडायचं, बाबा तिकडे थंड खोलीत आणि मी इथे टोस्टला बटर लावतोय, स्वतःचाच राग यायचा हो.

दारामागे त्यांचा कोट तसाच लटकलेला. खिशात ज्येष्ठांच्या मोफत प्रवासाचा फ्रीडम पास, खोकल्याच्या दोन गोळ्या आणि किंग्सबरीच्या दुकानाची पावती, मेथीच्या दोन जुड्यांची. रोज दुपारी हॅरोहून १८३ नंबरची बस पकडायचे, गुडघे दुखत असले तरी वर चढून सगळ्यात पुढच्या सीटवर बसायचे. सहाव्या की सातव्या दिवशी मीही तसाच जाऊन बसलो. शाळा सुटलेली, पोरांचा दंगा, चिप्सचा वास, काचेवर वाफ. किंग्सबरीला न उतरता गोल्डर्स ग्रीनपर्यंत गेलो, बाबांचा स्लॉट तिथलाच होता, १९०२ पासूनचं क्रिमेटोरियम आहे ते. लाल विटांच्या त्या इमारतीसमोर बराच वेळ उभा राहिलो, मग परतीची १८३ घेतली आणि येताना किंग्सबरीला उतरून मेथी घेतली. त्या रात्री पहिल्यांदा नीट झोप लागली. सोळाव्या दिवशी दहनाचं बटण दाबताना हात थरथरला, पण जागा ओळखीची झाली होती.

एक मात्र राहून गेलं. अस्थी इथेच सोडायच्या की आळंदीला न्यायच्या, हे बाबांना विचारलंच नाही. ते दोनदा विषय काढायला गेले आणि मी "असलं काय बोलताय" म्हणून त्यांना गप्प केलं. शेवटी आळंदीला नेल्या, पण त्यांना तेच हवं होतं का, मला माहीत नाही.

आज पंगतीत तुमचे आईवडील शेजारी बसलेले असतील तर तेवढं विचारून घ्या. आणि वेळ आली, रजिस्ट्रारकडे जायला सोबत हवी असली, तर मला फोन करा, मी येतो.