तळ्यात उतरलेला पाहुणा

बंगालमधल्या एका खेड्यात, कमळांनी भरलेल्या तळ्यात, एका रात्री आकाशातून आलेले यान बुडते. पाण्याबाहेर उरते ते केवळ त्याचे सोनेरी टोक, आणि तो कळस समजून, तळाशी गडप झालेले देऊळच वर आले अशा श्रद्धेने गावकरी हात जोडतात. यानातल्या पाहुण्याशी खरी ओळख होते ती हाबाची, भीक मागून पोट भरणाऱ्या एका अनाथ पोराची.

सत्यजित राय यांनी ‘दि एलियन’ची ही पटकथा १९६७ मध्ये लिहिली. तिचे बीज त्यांच्याच १९६२ मधल्या ‘बंकुबाबूंचा मित्र’ या कथेत आहे. आजोबा उपेंद्रकिशोर यांनी १९१३ मध्ये सुरू केलेल्या आणि राय यांनी पुन्हा उभ्या केलेल्या ‘संदेश’ या मुलांच्या मासिकात ती छापून आली. त्या कथेतले बंकुबाबू म्हणजे साऱ्यांची टिंगल मुकाट सोसणारे शाळामास्तर, आणि मित्र म्हणजे परग्रहावरचा पाहुणा. पटकथेत मास्तरांची जागा लहान मुलाने घेतली, आणि हा बदल मला फार मोलाचा वाटतो, कारण मास्तरांशी बोलायला पाहुण्याला बंगाली यावी लागते. हाबाच्या मात्र तो थेट स्वप्नात शिरतो आणि दोघे खेळू लागतात.

पाहुण्याचे रूप राय यांनी बारकाईने योजले होते: मोठे डोके, काटकुळे हातपाय, खप्पड शरीर, जणू उपासमार झालेले निर्वासिताचे मूल. फाळणीनंतरचे कलकत्ता पाहिलेल्या माणसालाच परग्रहवासी असा दिसू शकतो. त्याचे सामर्थ्यही खेळकर आहे. रात्रीत भात पिकतो, अवेळी आंबा फळतो. मोठी माणसे मात्र आपापल्या हिशेबात असतात. बाजोरिया या मारवाडी व्यापाऱ्याला तिथे संगमरवरी तीर्थक्षेत्र उभारायचे असते.

बाजोरियाच्या भूमिकेसाठी ब्रिटिश विनोदी अभिनेते पीटर सेलर्स यांचे नाव पुढे आले होते, हॉलीवूडची कोलंबिया पिक्चर्सही तयार होती. तरी चित्रपट झाला नाही. १९८२ मध्ये परग्रहवासी आणि लहान मुलाच्या मैत्रीवरचा स्टीव्हन स्पीलबर्ग यांचा ‘ई. टी.’ आल्यावर, आपल्या पटकथेच्या प्रती अमेरिकेत फिरल्या नसत्या तर तो चित्रपट होऊच शकला नसता, असे राय म्हणाले. स्पीलबर्ग यांनी ते नाकारले.

राय १९९२ मध्ये गेले. हाबा आणि त्याचा सवंगडी कागदावरच राहिले: तळ्याकाठी रात्र पडलेली, पोर गाढ झोपलेले, आणि पाण्यातून हलकेच बाहेर येणारी ती काटकुळी आकृती.