पटकथा हेच पहिलं अंदाजपत्रक

(व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

विषय वर छापलाय तोच आहे आणि मी त्यावर बोलणारही आहे. पण दीपप्रज्वलन, परिचय आणि शाल-श्रीफळ यांत पंधरा मिनिटं गेलीत. शिवाय हॉलिवूडच्या मूकपटांची पटकथालेखिका जून मॅथिस, हे नाव निघालं की कप्प्याची गोष्ट सांगितल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. ज्यांनी आधी ऐकलीय त्यांनी मोबाइल पाहून घ्या.

मूकपटांचा लाडका नायक रुडॉल्फ व्हॅलेंटिनो २३ ऑगस्ट १९२६ला न्यूयॉर्कमध्ये गेला. वय एकतीस. अंत्यदर्शनाला अशी झुंबड उडाली की खिडक्यांच्या काचा फुटल्या. आणि एवढ्या माणसाला पुरायला स्वतःची जागा नव्हती! हॉलिवूडच्या दफनभूमीत भिंतीतले कप्पे असतात. मॅथिसबाईंनी ते घरच्यांसाठी घेऊन ठेवले होते, त्यातला एक त्यांनी दिला. तात्पुरता. मुंबईतून आलेली मंडळी हसताहेत, त्यांना हा शब्द कळतो. पुढच्याच वर्षी, २६ जुलै १९२७ला, न्यूयॉर्कच्या एका थिएटरात आजीबरोबर नाटक बघताना बाईच गेल्या. आता मालकीण दारात आणि आत भाडेकरू! शेवटी बाईंचे यजमान, सिल्वानो बाल्बोनी, यांनी शेजारचा आपला कप्पा व्हॅलेंटिनोला दिला. पुढे तो त्याच्या घरच्यांना विकला आणि स्वतः इटलीला निघून गेले. पागडी म्हणा हवं तर. आजही दोघं शेजारी-शेजारी आहेत. लोक येतात, एका दगडावर लिपस्टिकचे ओठ उमटवतात आणि शेजारचं नाव न वाचता परत जातात.

माझं दुखणं नेमकं तिथलं आहे. मागे एका चित्रपट मंडळाने ‘फोर हॉर्समेन’चा, म्हणजे व्हॅलेंटिनोला नाव देणाऱ्या आणि बाईंनी लिहिलेल्या मूकपटाचा, खेळ लावला होता. पत्रकावर नट होता, दिग्दर्शक होता, खुर्च्या देणाऱ्या मंडपवाल्याचे आभारसुद्धा होते. लेखिका नव्हती. मी विचारलं, तर एक तरुण कार्यकर्ता अगदी अदबीने म्हणाला, “सर, मूकपट ना? त्यात लिहायचं काय असतं?”

काय असतं? ऐका. बाई कोलोरॅडोतल्या लीडव्हिलच्या. लहानपणापासून रंगमंचावर वावरलेल्या, त्यामुळे टाळी कुठे पडते ते अंगात मुरलेलं. १९१८च्या सुमारास मेट्रो या चित्रपट कंपनीत आल्या आणि बघता बघता कथाविभागाच्या प्रमुख झाल्या. ‘फोर हॉर्समेन’ ही ब्लास्को इबान्येझची जाडजूड युद्धकादंबरी पडद्यावर येणारच नाही, असं बऱ्याच जणांचं मत होतं. युद्ध नुकतंच संपलेलं. पुन्हा तेच बघायला पैसे कोण देणार? बाईंनी ती बसवून दाखवली. नुसती लिहिली नाही, माणसंही निवडली: दिग्दर्शनाला रेक्स इंग्रम आणि नायकाला हा किरकोळ खलनायकी कामं करणारा इटालियन पोरगा. त्याला नाचता येतं हे ओळखून टँगोचा प्रसंग फुलवला. १९२१मध्ये चित्रपट आला आणि पोरगा रातोरात देव झाला. लोक म्हणतात बाईंनी व्हॅलेंटिनो ‘शोधला’. अहो, शोधायला तो काय हरवला होता? त्याच्या मापाची भूमिका कापून शिवली, असं म्हणा.

(‘द यंग राजा’ही त्यांनीच लिहिला, १९२२चा. त्यात व्हॅलेंटिनो हिंदू राजपुत्र, अमेरिकेत वाढलेला, भविष्य दिसणारा, नाव एमॉस जड! अंगावर मोत्यांच्या माळा इतक्या की आपला एखादा संस्थानिकही शरमला असता. पुढे जातो.)

चिठ्ठी आलीय. पाच मिनिटं. बरं.

तर मुद्दा. त्या काळची ‘कंटिन्युइटी’, म्हणजे चित्रीकरणासाठीची पटकथा, ही नुसती गोष्ट नव्हे. प्रत्येक दृश्याला क्रमांक, आत की बाहेर, कोण पात्रं, कुठली वस्तू. थॉमस इन्स या निर्मात्याने ही शिस्त आणली आणि मॅथिसबाईंनी ती मेट्रोत मुरवली. असा कागद हातात आला की एका जागेची सगळी दृश्यं एकदम उरकता येतात, गर्दी किती दिवस लागेल ते मोजता येतं. हिशेबनीस बेरीज त्याच कागदावर करतो. म्हणजे लिहिणाऱ्याला खर्च आधी कळतो, आणि खर्च ज्याला कळतो तो निर्माता होतोच. बाई निर्मितीत गेल्या त्या बढतीने नव्हे, टेबल तेच होतं.

उलटा पुरावाही बाईंचाच. पुढे गोल्डविन या दुसऱ्या कंपनीत ‘बेन-हर’ या चित्रपटाची सूत्रं त्यांच्याकडे आली, त्यासाठी १९२४मध्ये त्या इटलीला गेल्या. तिथे सेट अर्धवट, मजूर संपावर, आणि दिग्दर्शक ब्रेबिन त्यांना चित्रीकरणात हात घालू देईना. कागद एकीकडे, कॅमेरा दुसरीकडे. इकडे कंपन्यांचं विलीनीकरण होऊन एमजीएम झाली आणि नव्या मालकांनी बाई, ब्रेबिन आणि नायक जॉर्ज वॉल्श, तिघांनाही काढलं. खर्च चाळीस लाख डॉलरच्या घरात गेला.

‘ग्रीड’ राहिलं, स्ट्रोहाइमचा तो लांबलचक चित्रपट. त्याची काटछाट करून झालेली कत्तल बाईंच्या नावावर टाकतात, तो हिशेब चहाच्या वेळी मांडतो. ‘बेन-हर’ १९२५च्या अखेरीस झळकला तेव्हा रूपांतरकार म्हणून नाव होतं जून मॅथिस. काढलेल्या बाईंचं. हो हो, घंटा ऐकली मी.