कशाशेजारी काय टांगायचं?

(सोलापुरातल्या एका वाचनालयात दिलेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

मंडळी, हे पुठ्ठं मागच्यांना दिसतंय का? भोकं पाडलेलं, जेकार्डचं, म्हणजे नक्षी विणणाऱ्या मागाचं. त्याच्याकडे नंतर येतो. आधी न्यूयॉर्कला जाऊन येऊ.

१९२९ चा नोव्हेंबर. शेअर बाजार कोसळून जेमतेम दोन आठवडे झालेले, आणि तिघी बायकांच्या पुढाकारानं तिथं म्युझियम ऑफ मॉडर्न आर्ट उघडलं. संचालक आल्फ्रेड बार, वय २७. पहिलं प्रदर्शन सगळं उसनवारीचं. सेझान, व्हॅन गॉग, पण घरचं काहीच नाही.

मग संग्रह करायचा कसा? १९३३ मध्ये बारनं एक चित्र काढलं, पाण्यातून सुसाट जाणाऱ्या टॉर्पेडोचं. नाक आजच्या काळात, शेपूट पन्नास ते शंभर वर्षं मागं. टॉर्पेडो पुढं सरकेल तशी मागची कामं सोडून द्यायची. म्हणजे आधुनिक कलेचं संग्रहालय कायम 'आधुनिक' राहावं म्हणून आपलंच सामान वाटून टाकणार! १९४७ मध्ये जुनी कामं मेट्रोपॉलिटन म्युझियमला विकण्याचा करारही झाला. पण हातची उत्तम चित्रं द्यायची म्हटल्यावर जीव होईना. १९५३ मध्ये करार संपला. माळ्यावरची पितळी भांडी मोडीत द्यायला निघालेल्या घरात होतं तेच झालं.

तरी विक्री होतच होती. तिघींपैकी लिली ब्लिस १९३१ मध्ये गेली. संग्रह म्युझियमला ठेवला आणि विकायची, बदलायची मुभाही दिली. सगळ्यात शहाणपणाचं दान हेच, असं मला वाटतं. आपले दाते पाटीवर नाव घालतात आणि वर अट घालतात की काही हलवायचं नाही. ब्लिसच्या संग्रहातलं देगा या चित्रकाराचं एक चित्र विकून १९३९ मध्ये पिकासोचं १९०७ चं 'आव्हिन्योंच्या तरुणी' आलं. व्हॅन गॉगची 'तारांकित रात्र'ही १९४१ मध्ये तिच्याच संग्रहातल्या अदलाबदलीतून आली. आज लोक या दोन चित्रांपुढं गर्दी करतात. जे गेलं त्याच्यासाठी कुणी हळहळत नाही.

आता भिंत. १९३६ मध्ये बारनं आधुनिक कलेची वंशावळ छापली. बाण, तारखा, एका कलाप्रवाहातून दुसरा. बाहेरून आलेले प्रभाव लाल अक्षरांत : जपानी छापचित्रं, आफ्रिकी शिल्पं, यंत्रांचं सौंदर्य. भारत नाही. त्या वंशावळीच्या क्रमानंच पुढं कितीतरी वर्षं दालनं लागली. २०१९ मध्ये मात्र पिकासोच्या त्या तरुणींच्या दालनात फेथ रिंगगोल्डचं १९६७ चं रक्तबंबाळ दंगलीचं चित्र लावलं. कृष्णवर्णीय चित्रकर्ती, जी पुढं गोधड्यांवर गोष्टी रंगवून नावारूपाला आली. पिकासोच्या रंगाचा एक ठिपकाही बदलला नाही, पण ते चित्र पूर्वीसारखं राहिलं नाही.

सोलापूरकरांनी लक्ष द्यावं अशी गोष्ट पुढंच आहे. याच म्युझियममध्ये १९४९ मध्ये ॲनी आल्बर्सचं एकल प्रदर्शन झालं, विणकाम करणाऱ्या कलावंताचं तिथलं पहिलं. १९५५ मध्ये तिथंच भारतीय वस्त्रांचं मोठं प्रदर्शन भरलं आणि मांडणी केली ती कल्पनेतल्या बाजारासारखी. पहिल्या प्रदर्शनाच्या नावात बाई होती, दुसऱ्याच्या नावात देश. विणणारा कुठं गेला?

आपल्याकडे दिल्लीत जयपूर हाऊसमध्ये १९५४ पासून राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय आहे. पंढरपुरात जन्मलेल्या हुसेनचं 'जमीन' हे चित्र तिथं आहे. आपल्या जिल्ह्याची चादर तिथल्या दुकानात शोभेल, भिंतीवर नाही, असं कुणी म्हणालं तर मी भांडेन. पण भिंतीवर लावायची तर कशाशेजारी, हे मला आधी सांगता आलं पाहिजे.

तर हे पुठ्ठं. वडील जेकार्डवर होते. माग विकला तेव्हा पुठ्ठ्यांच्या माळाच्या माळा रद्दीत गेल्या, किलोवर. हे एक राहिलं, कारण मागचं दार वाऱ्यानं आपटू नये म्हणून ते घडी करून फटीत खोचलेलं होतं. ही बघा घडी. जिथं भोक आहे तिथला उभा धागा वर उचलला जातो, खालून धोटा जातो. एका पुठ्ठ्यात आडव्या धाग्याची फक्त एक ओळ असते. ही ओळ मोराच्या पिसातली की नुसत्या किनारीतली, ते कळायला आधीचं आणि नंतरचं पुठ्ठं लागतं. तिसऱ्या रांगेत मागावर बसलेली दोघं-तिघं दिसतायत. नंतर जरा पुढं या, आपण ही भोकं मोजून बघू.