किल्ल्यात घेतलं, देशात नाही
(दुर्ग-अभ्यासकांसमोरच्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

मंडळी, पत्रिकेवर विषय छापलाय ‘सरोवराकाठचा किल्ला आणि युद्धकाळातले निर्वासित’. खरं तर मला बोलायचंय ते दुसऱ्या महायुद्धात इटलीतून अमेरिकेतल्या फोर्ट ऑन्टारिओत आणून ठेवलेल्या निर्वासितांबद्दल. पण समोर दुर्गप्रेमी बसलेत म्हटल्यावर तट-बुरूज आधी उरकावे लागतील, नाहीतर प्रश्नोत्तरांत तेच निघतील.

हा किल्ला न्यूयॉर्क राज्यात ऑस्विगो गावी आहे. ऑस्विगो नदी ऑन्टारिओ सरोवराला मिळते, तिथे पूर्व बाजूच्या उंचवट्यावर. इंग्रजांचं जुनं ठाणं पश्चिम काठावर होतं आणि ते या उंचवट्याच्या माऱ्यात येत होतं, म्हणून १७५५ मध्ये त्यांनी इथे ओंडक्यांचा किल्ला उभारला. पुढच्याच ऑगस्टमध्ये फ्रेंच सेनापती माँकाल्म चालून आला. पूर्वेकडच्या शिबंदीने किल्ला सोडला आणि नदी ओलांडली. माँकाल्मने त्याच उंचवट्यावर तोफा चढवल्या. पलीकडच्या ठाण्याच्या तोफांची तोंडं पश्चिमेला! त्या घाईघाईने फिरवल्या, पण नदीच्या बाजूला तोफखान्याला आडोसाच नव्हता. किल्लेदार कर्नल मर्सर गोळा लागून पडला आणि १४ ऑगस्ट १७५६ ला ठाण्याने शरणागती पत्करली. शेजारचा वज्रगड पडल्यावर पुरंदरचं काय झालं, ते या सभागृहात सांगायला नको.

पुढचं भराभर सांगतो. १७५९ मध्ये किल्ला पुन्हा बांधला, १७७८ मध्ये अमेरिकन बंडवाल्यांनी तो उद्ध्वस्त केला, १७८२ मध्ये इंग्रज पुन्हा येऊन बसले. १७८३ च्या तहाने ही जागा अमेरिकेची झाली, पण इंग्रजांनी ती सोडली १७९६ मध्ये. तेरा वर्षं! पुण्यातल्या जुन्या घरमालकांना यात काही नवल वाटणार नाही. ६ मे १८१४ ला इंग्रजांनी तो पुन्हा जिंकून जाळला. आज दिसतो तो पाच बुरुजांचा पंचकोन १८४० च्या आसपासचा आहे आणि त्याचं दगडी काम अमेरिकन यादवी युद्धाच्या काळात सुरू झालं. विसाव्या शतकाच्या आरंभी तटाबाहेर मोठी लष्करी वसाहत झाली. बराकी, कचेरी, इस्पितळ. आपली गोष्ट घडते ती या वसाहतीत, बुरुजांमध्ये नव्हे.

माझी तक्रार इथेच आहे. या किल्ल्याचं वर्णन लिहिणारा माणूस १८१४ च्या तोफा मोजता मोजता दमतो आणि ऑगस्ट १९४४ ते फेब्रुवारी १९४६ हा निर्वासितांचा काळ दोन ओळींत गुंडाळतो. किल्ला कुणी घेतला हे आपण पाठ करतो. दरवाजातून कुणाला कोणत्या कागदावर आत घेतलं, हे कुणी विचारत नाही.

तर कागद पाहू. अमेरिकेत १९२४ च्या कायद्याने प्रत्येक देशाला स्थलांतराचा कोटा ठरलेला. युद्धात त्यातल्या पुष्कळ जागा रिकाम्या गेल्या, तरी कोट्याबाहेर माणूस आणायची सरकारची छाती होत नव्हती. जानेवारी १९४४ मध्ये अध्यक्ष रूझवेल्टने युद्ध-निर्वासित मंडळ नेमलं. मग एका वृत्तपत्राच्या स्तंभलेखकाने, सॅम्युएल ग्राफ्टनने, मुक्त बंदराची कल्पना मांडली: जकात न भरता माल बंदरात ठेवता येतो, तशी माणसं का ठेवू नयेत? कल्पना दयेची, पण हिशेब गोदामाचा. जूनमध्ये रूझवेल्टने सुमारे हजार निर्वासितांना असं आणण्याची घोषणा केली. इटलीत निवड झाली तेव्हा अटी अशा: कुटुंबं शक्यतो फोडायची नाहीत, संसर्गजन्य रोग नको, लढण्याच्या वयाचे धडधाकट पुरुष नकोत. प्रत्येकाने लिहून द्यायचं की किल्ल्याच्या हद्दीत राहीन आणि युद्ध संपल्यावर परत जाईन.

२१ जुलैला ‘हेन्री गिबिन्स’ हे लष्करी जहाज नेपल्सहून सुटलं. जहाजावर सुमारे हजार जखमी सैनिक आणि हे ९८२ जण: ८७४ ज्यू, ७३ रोमन कॅथलिक, २८ ग्रीक ऑर्थोडॉक्स, ७ प्रोटेस्टंट. सर्वांत जास्त युगोस्लाव्हियाचे, त्याखालोखाल ऑस्ट्रियाचे. अमेरिकेच्या अंतर्गत खात्याने सोबतीला आपल्या अधिकारी रूथ ग्रूबर यांना पाठवलं होतं. त्यांना जनरलचा मानद हुद्दा दिला, कारण इटलीला जाताना विमान पाडून शत्रूने पकडलंच तर युद्धकैद्याची वागणूक मिळावी. हुद्द्याचा कागद त्यांना मिळाला. निर्वासितांना काय मिळालं? गळ्यात अडकवायची पुठ्ठ्याची चिठ्ठी. त्यावर क्रमांक आणि छापील अक्षरं, ‘यू. एस. आर्मी कॅज्युअल बॅगेज’. म्हणजे लष्कराचं किरकोळ सामान. हसू नका, चिठ्ठी अचूक होती! प्रवासी म्हणावं तर व्हिसा नाही, कैदी म्हणावं तर गुन्हा नाही. मालाचं खातं तेवढं मोकळं होतं.

५ ऑगस्टला सकाळी आगगाडी किल्ल्याशी आली आणि समोर काटेरी तारांचं कुंपण. त्यांच्यातले काही डाखाऊ-बुखेनवाल्ट या नाझी छळछावण्या पाहून आलेले होते, त्यांच्या पोटात गोळा आला. गावकऱ्यांनी मात्र कुंपणावरून बूट, खाऊ आत द्यायला सुरुवात केली. महिनाभर विलगीकरण, मग गावात जायला सहा तासांचा पास. सप्टेंबरपासून मुलं गावच्या शाळेत. बाहेर नोकरीला बंदी. आतल्या कामाला महिना १८ डॉलर, डॉक्टर असो की झाडूवाला. म्हणून कोळसा उतरवायला आणि बर्फ काढायला माणूस मिळेना, आणि भांडणं सुरू झाली ती तिथूनच. कारभार पाहणारं खातं तेच, जे जपानी वंशाच्या अमेरिकनांच्या छावण्या चालवत होतं. हा मुद्दा लिहून ठेवा.

बर्फाचं थोडं सांगतोच. ऑन्टारिओ सरोवर २४४ मीटर खोल आहे, त्यामुळे ते सहसा पूर्ण गोठत नाही. वायव्येचा कोरडा थंड वारा या उघड्या पाण्यावरून ऊब आणि ओल उचलतो, आणि काठ लागला की सगळं बर्फ होऊन सांडतो. ऑस्विगो नेमकं त्या आग्नेय काठावर. त्यात तोफांना हवी तशी उघडी, उंच जागा. लाकडी बराकींत पातळ फळ्या टाकून केलेल्या खोल्या आणि भूमध्य समुद्राकाठून आलेली माणसं. पहिला हिवाळा फार जड गेला.

संयोजकांची चिठ्ठी आली, दहा मिनिटं उरलीत. म्हणजे जे सांगायला आलो ते पळत पळत.

किल्लाच का? एक, लष्कर तो रिकामा करत होतं, खर्च कमी. दोन, फाटक आणि पहारा आयता. तीन, आणि हे खरं कारण: राष्ट्राध्यक्षांना काँग्रेसला, म्हणजे अमेरिकन संसदेला, सांगता आलं की ही माणसं देशात आलीच नाहीत, सरकारी आवारात थांबलीत. तटाचं मूळ काम शत्रूला बाहेर ठेवणं. इथे आत असलेल्या माणसाला कायद्याने बाहेर ठेवायला तो वापरला. आपल्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला १९४३ पासून सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहिले. त्यांच्या कागदांची या कागदांशी तुलना कुणीतरी करायला हवी.

शेवट कसा झाला पाहा. मे १९४५ मध्ये युरोपातलं युद्ध संपलं, पण परत जायला घरं नव्हती. छावणीचे संचालक जोसेफ स्मार्ट यांनी राजीनामा दिला आणि ते निर्वासितांच्याच बाजूने प्रचाराला लागले. २२ डिसेंबर १९४५ ला नवे अध्यक्ष ट्रुमन यांनी अमेरिकेत राहण्यासाठी व्हिसाचा अर्ज करायला परवानगी दिली. पण व्हिसा देशाबाहेरच मिळतो! मग जानेवारी १९४६ मध्ये बसमध्ये बसवून त्यांना नायगारापाशी कॅनडात नेलं, तिथल्या अमेरिकन वकिलातीत शिक्के मारले आणि रेनबो पुलावरून परत आणलं. दीड वर्ष अमेरिकेत राहून झाल्यावर ते अमेरिकेत आले.

छावणी फेब्रुवारीत बंद झाली आणि किल्ला राज्याकडे गेला. १९५३ पर्यंत बराकींत माजी सैनिकांची कुटुंबं राहिली. निर्वासितांचं संग्रहालय जुन्या प्रशासकीय इमारतीत आहे, तटाच्या बाहेर. गेलात तर बुरुजांवर वेळ घालवण्याआधी तिथे जा. बाकीचे प्रश्न चहाच्या टेबलाशी.